जंगली भाषेतले निरोप

दुपारच्या वेळी टीव्हीवर एखादा जुना हिंदी पिक्चर लागतो. डोक्याला पिसं, अंगाला काळा रंग आणि हातात भाले घेतलेली मंडळी शेकोटीभोवती नाचायला लागली, की माझी बायको हाक मारते, "अहो, या लवकर. आले बघा तुमचे ड्रायव्हर."

मी हातातलं काम टाकून जातो. कधी ते असतात, कधी नसतात. असले तर बहुतेक वेळा मरायच्या बेतात असतात.

त्यांचं नाव मी लिहीत नाही. इतकी वर्षं पिक्चरमध्ये कामं केली, पण पडद्यावर नावांची यादी सरकते तीत त्यांचं नाव कधी आलं नाही. शेवटी 'आणि इतर' असं यायचं, तेव्हा ते मला कोपरानं ढोसायचे, "हा बघ, मी आलो." तिथं न आलेलं नाव माझ्या लिहिण्यात येऊन काय होणार? डेपोत सगळे त्यांना हिरो म्हणत. त्यात टोमणा किती आणि कौतुक किती, हे म्हणणाऱ्यालाही सांगता आलं नसतं. मी त्यांना दादा म्हणायचो आणि ते मला मास्तर.

मी त्यांच्या गाडीवर कंडक्टर होतो. औरंगाबादहून निघायचं आणि फुलंब्री, सिल्लोड करत अजिंठ्याचा घाट उतरून फर्दापूरला जायचं. फर्दापूरच्या पलीकडे डोंगराच्या पोटात त्यांचा तांडा होता. दादा बंजारा. "निजामाचं राज्य गेलं, पोलीस ॲक्शन झाली, त्या साली मी बैलं राखत होतो आणि मिसरूड फुटायला लागलं होतं," एवढाच त्यांचा जन्माचा दाखला. पुढे कुणा ठेकेदाराच्या लॉरीवर क्लीनर झाले, मग ड्रायव्हर झाले आणि तिथून एसटीच्या लाल गाडीवर आले.

गाडी सुरू करायच्या आधी ते समोरच्या आरशात बघत. केस बघत नसत, चेहरे करून बघत. एकदा डाकू, एकदा भिकारी, एकदा दारुड्या. मग मागे वळून पहिल्या बाकावरच्या उतारूंना विचारत, "आज कोणता लावू?" एखादी म्हातारी म्हणायची, "कोंचाबी लाव बाबा, पन गाडी हाल."

खरं तर मी दादांना आधी पडद्यावर पाहिलं आणि मग भेटलो. हे सांगायला अजून संकोच वाटतो. नोकरी लागायच्या आधीची गोष्ट. शहरातल्या एका टॉकीजात आम्ही मित्र मिळून पिक्चरला गेलो होतो. त्यात पिसं लावलेला एक उंच, धारदार नाकाचा माणूस भाला उगारून काहीतरी ओरडतो, असा सीन होता. आम्ही पोट धरून हसलो. पुढे कितीतरी दिवस गल्लीत एकमेकांना बघून तसंच ओरडायचो. नोकरीच्या पहिल्या दिवशी गाडीत चढलो, तर आरशात तोच माणूस! सिल्लोडपर्यंत मी कसाबसा दम धरला. चहाला गाडी थांबली तेव्हा सांगून टाकलं.

"दादा, मी तुम्हाला हसलो होतो. पिक्चरमध्ये. लई हसलो होतो."

"तिकीट काढून हसला का फुकट?"

"काढून."

"मग झालं की. पैसं देऊन तू रडला असता तर मला वाईट वाटलं असतं." त्यांनी बशीतला चहा संपवला आणि माझ्याकडं नीट बघितलं. "तू असाच हाईस काय रे कायम? घंटी बी माफी मागितल्यासारखी मारतो. जोरात वढ दोरी. गाडीला कळाय पाहिजे."

माझा स्वभाव त्यांनी पहिल्याच दिवशी ओळखला. कुणाला सुट्टे द्यायला उशीर झाला, कुणाचा थांबा पुढे गेला, की ते दिवसभर माझ्या मनाला टोचत राहायचं. ते आरशातून बघत आणि म्हणत, "मास्तर, सोड आता. ती बाई घरी जाऊन स्वैपाकाला लागली असंल. तूच तिला धरून बसलाय."

ते नट कसे झाले, हे त्यांनी मला घाटात सांगितलं. घाटातच त्यांना बोलायला सुचायचं. लॉरीवर असताना एकदा घाटाच्या पायथ्याशी शूटिंगवाल्यांनी रस्ता अडवला होता. साहेब मंडळी जंगली माणसं शोधत होती. मुंबईहून आणलेली जंगली माणसं लई गोरी निघाली म्हणे. एका साहेबानं दादांना लॉरीतून खाली उतरवलं, तोंडाला काळं फासलं, हातात भाला दिला आणि सांगितलं, "कुछ भी बोलो. जंगली भाषा में. ज़ोर से."

"आता जंगली भाषा कशी असती?" दादा मला विचारत होते. "मला येतात तीन. तुमची मराठी, शहरातली हिंदी आन् आमची गोरबोली. जंगली मी कुठं शिकणार? त्या दिवशी सकाळी भाकर न खाताच निघालो व्हतो. याडी लई चिडली व्हती. तेच डोक्यात. मग भाला उचलला आन् बोंबललो."

याडी म्हणजे त्यांची आई. आणि बोंबलले ते असं, आपल्या भाषेत सांगायचं तर: 'याडी, रागावू नको! भाकर फडक्यात बांधून ठेव! संध्याकाळी येऊन खातो!'

साहेब खूश झाला. "वा! एकदम जंगली!" म्हणाला.

पुष्कळ महिन्यांनी तो पिक्चर टूरिंग टॉकीजच्या तंबूतून फर्दापूरला आला. सगळा तांडा बघायला गेला. पडद्यावर पिसंवाला ओरडला, हिरॉईन किंचाळली, गावातली पोरं भेदरून आईला चिकटली. आणि बायकांच्या बाजूनं एक म्हातारा खणखणीत आवाज आला, "ती भाकर कवाच कुत्र्यानं खाल्ली रे!"

तेव्हापासून रीतच पडली. दादांना जंगली भाषेत बोलायला सांगितलं, की ते तांड्यासाठी निरोप देत. पिक्चर आला की तांडा तंबूत जाऊन निरोप ऐके आणि याडी अंधारातून उत्तर देई. एका पिक्चरमध्ये ते टोळीचे सरदार होते. बांधून ठेवलेल्या हिरॉईनसमोर डोळे गरागरा फिरवत ते गर्जना करतात. शहरातली पब्लिक श्वास रोखून बघते. ते म्हणत असतात, 'बाई, घाबरू नको, हे सगळं खोटं हाय, अंधार पडायच्या आत तुला हॉटेलावर सोडतील.' दुसऱ्या एकात मरता मरता त्यांनी सांगितलं होतं, की तांड्याच्या नायकाची, म्हणजे मुखियाची, हरवलेली म्हैस पाचोडच्या बाजारात बघितली, जाऊन सोडवून आणा. पिक्चर पडद्यावर येईस्तोवर म्हैस सापडून व्यालीसुद्धा होती. तरी नायक तंबूत उठून म्हणाले, "आणली रे, आणली! तू मर आता निवांत."

मी एकदा विचारलं, "दादा, आठवड्यातून दोनदा तर घरी जाता. मग निरोप कशाला?"

"घरी ती माझ्याशी बोलत नाय, भांडती. पिक्चरमधी ऐकून तरी घेती."

मरायची मात्र त्यांना खरी हौस होती. पडद्यावर मरण आलं, की त्याची तालीम डेपोतल्या आरामखोलीत चालायची. "बाण लागला की माणूस लगीच पडत नाय, मास्तर. आधी बाणाकडं बघतो. त्याला खरंच वाटत नाय." एकदा सिल्लोडच्या स्टँडवर गाडीला वेळ होता, म्हणून झाडाखाली तालीम करायला गेले आणि असे हुबेहूब कोसळले, की स्टँड गोळा झालं. एका म्हातारीनं पिशवीतून कांदा काढला, दगडावर फोडला आणि त्यांच्या नाकाला लावला. दादा तात्काळ डोळे उघडून उठून बसले. म्हातारीच्या चेहऱ्यावर असा आनंद, की बघत राहावं. गाडीत मी म्हणालो, "अजून थोडं पडून राहायचं होतं की, तालीम तरी झाली असती."

"कांदा लावून बी उठलो नसतो तर तिला काय वाटलं असतं?"

मधल्या काळात याडीचे डोळे गेले. हळूहळू गेले. आधी पडद्यावर माणसं हललेली दिसायची, मग नुसता उजेड हललेला, मग तोही नाही. पण तंबूत यायचं तिनं सोडलं नाही. पिक्चरभर गप्प बसायची. लेकाचा आवाज आला की मान वर करायची आणि उत्तर द्यायची. तिच्यापुरता पिक्चर तेवढाच असायचा. पुढे तंबूही यायचे बंद झाले.

आणि मग दादांना ते काम मिळालं.

जाड चष्म्याचा, खादीचा झब्बा घातलेला एक तरुण डायरेक्टर गाडीतून फर्दापूरला चालला होता. आरशातले चेहरे बघून तो ड्रायव्हरच्या मागच्या बाकावर येऊन बसला आणि घाट संपेपर्यंत बोलत राहिला. त्याला तांड्यावर पिक्चर करायचा होता. तांड्यातला एक बाप, मुलगा शहरात कामाला जायला निघालेला, बाप त्याला तांड्याच्या शिवेपर्यंत सोडायला जातो. तो बाप दादांनी करायचा. पिसं नाहीत, काळा रंग नाही. आणि त्यानं सांगितलं, "तुमच्याच भाषेत बोला."

दादांनी गाडी बाजूला घेऊन थांबवली. मी विचारलं, "काय झालं?"

"काय नाय. साहेबाला ते परत एकदा म्हणाय लाव."

ते दोन महिने मी विसरत नाही. घाट चढता-उतरताना ते बोलून दाखवायचे आणि मी दोरी धरून ऐकायचो. अर्थ सांगून सांगून त्यांनी मला ती बोली कानानं ओळखण्याइतकी शिकवली. मी चेष्टेत म्हणालो, "दादा, याडीला यात काय निरोप?" ते एकदम गंभीर झाले. "यात निरोप नाय द्यायचा. यात खरंच बोलायचंय. तिला सांगून ठेवलंय मी, या टायमाला लेक पहिल्यापासून शेवटपर्यंत बोलणार हाय, तू ऐकत बस."

पिक्चर शहरात लागला शुक्रवारी. रविवारच्या मॅटिनीला तांडा येणार होता. आम्ही दोघं मात्र शुक्रवारी पहिल्याच शोला जाऊन बसलो. दादांनी धुतलेला खाकी गणवेश घातला होता. सुरुवातीलाच पडद्यावर त्यांचा चेहरा आला, केवढा तरी मोठा. मी त्यांच्या गुडघ्यावर थाप मारली. पडद्यावरच्या दादांनी तोंड उघडलं आणि भरदार, साजूक हिंदी ऐकू आली. आवाज दुसऱ्याच कुणाचा तरी होता.

ओठ गोरबोलीत हलत होते. कानावर हिंदी येत होती. गोरबोलीत पिक्चर चालणार नाही असं विकणाऱ्यांना वाटलं म्हणे, डायरेक्टरचं काही चाललं नाही. हे आम्हाला मागाहून कळलं. इंटरव्हलला मी चहा आणला. दादा कपात बघत म्हणाले, "आवाज चांगलाय. रेडिओवाला असंल." थोड्या वेळानं म्हणाले, "मास्तर, रविवारी याडीला काय ऐकवू? तिला वाटंल, मला पिक्चरमधून काढून टाकलं."

मला एवढंच सुचलं, "रविवारी गाडी बंद पडली म्हणून सांगू. तांडा यायचाच नाही."

त्यांनी असं बघितलं, की मला बसल्या जागी लाज वाटली. "बंद पडली म्हणू? माझी गाडी?"

रविवारी आमचीच ड्युटी होती. तांडा फर्दापूरला गाडीत चढला. बायकांनी ठेवणीतले घागरे आणि भिंगं जडवलेल्या कांचळ्या, म्हणजे चोळ्या, घातल्या होत्या. याडीला ड्रायव्हरच्या मागच्या बाकावर बसवलं. तिनं हातानं समोरची जाळी चाचपली.

"गाडी कोण चालवतंय?"

"मीच, याडी."

"मग सावकाश चालव. तुला उगीच घाई असती."

औरंगाबादला पोचेपर्यंत दादांनी एकही चेहरा केला नाही.

टॉकीजातली मागची निम्मी जागा शहरातल्या पब्लिकनं भरली होती. तांडा पुढच्या रांगांत बसला. याडी मधोमध, शेजारी दादा, कडेला मी. अंधार झाला आणि पडद्याचा उजेड बायकांच्या भिंगांवर पडून सगळ्या रांगेत काजवे हलल्यासारखं झालं. तो भरदार हिंदी आवाज सुरू झाला. तांड्यातली माणसं एकमेकांकडं बघायला लागली. याडी मान खाली घालून बसून होती. बऱ्याच वेळानं तिनं हळूच विचारलं, "तू कवा बोलणार?"

दादा तिच्या कानाशी वाकले आणि पडद्यावरचं आपलं बोलणं हळू आवाजात म्हणायला लागले. मागच्या रांगेतून नायक म्हणाले, "आम्हाला बी ऐकू येऊ दे की." पाठीमागून शहरातलं कुणीतरी ओरडलं, "ए, चुप!" दादा चुप झाले. पिक्चरमध्ये मुलगा गठुडं बांधायला लागला होता. शिवेवरचा सीन जवळ आला होता, घाटात रोज ऐकलेला.

मी उठलो आणि जिना चढून वर मशीनच्या खोलीत गेलो. काय मागणार होतो, माझं मलाच ठाऊक नव्हतं. तिथं जे चाचा मशीन चालवत होते, ते पूर्वी टूरिंग टॉकीजच्या तंबूबरोबर बिडकीन, पाचोड, फर्दापूर असं सगळं फिरलेले. मी म्हणालो, "चाचा, माफ करा, एक गोष्ट..."

"वो बुढ्ढी आई है क्या?" त्यांनीच विचारलं. "जो जवाब देती थी?"

"हो. पहिल्या रांगेत आहे."

"कबसे कान लगाके बैठा हूँ मियाँ. एक बार बी नहीं बोली. मैं समझा, गुज़र गई होगी."

मी सगळं सांगितलं. चाचांनी मशीनशेजारच्या बटणावर हात ठेवला. "आवाज बंद किया तो पब्लिक कुर्सियाँ तोड़ेगी, मालूम है ना? मैनेजर मेरेकूच पकड़ेगा."

"हो," मी म्हणालो. "नका करू मग."

"तुम बी अजीब आदमी है," चाचा म्हणाले आणि त्यांनी बटण फिरवलं.

आवाज गेला. लगेच शिट्ट्या सुरू झाल्या. "अबे आवाज! पैसे वापस!" पाय आपटले गेले. मी भिंतीतल्या छोट्या खिडकीला डोळा लावला. पडद्यावर बाप आणि मुलगा शिवेवर उभे होते. बापाचे ओठ हलले. आणि खाली, पहिल्या रांगेत, खाकी कपड्यातला एक माणूस उभा राहिला.

आवाज मला वरपर्यंत ऐकू आला. घाटातलाच आवाज. 'जा लेका. शहरात कुणी विचारलं तर तांड्याचं नाव सांग. त्याला कळो न कळो, तू सांग.' "ए, बैठ नीचे!" असा ओरडा झाला. तेवढ्यात मागून कुणीतरी म्हणालं, "अरे, वोच है! स्क्रीन पे देख, वोच है!" माना पडद्याकडं वळल्या, परत खाली वळल्या. पाय आपटणं कमी झालं. शिट्ट्या थांबल्या. सगळेच गप्प झाले असं नाही. दोघं-तिघं शिव्या देत बाहेर गेले. पण बाकीचे बसून राहिले. न कळणाऱ्या भाषेत एक बाप मुलाला वाटेला लावत होता, आणि ते सगळं ऐकत होते. चाचांनी मला जरा सरकवून खिडकीच्या कडेला कान लावला.

मुलगा वळला आणि चालायला लागला. पडद्यावरचा बाप त्याच्या पाठीकडं बघत उभा राहिला. इथं बापाला पुढे शब्द नव्हते, मला सगळं पाठ होतं. पण दादा बसले नाहीत. पडद्याकडं पाठ करून, जिथं याडी बसली होती तिकडं तोंड करून त्यांनी जुन्या पिसंवाल्यासारखी, भाला उगारल्यासारखी हाक मारली.

"याडी! मी इथंच हाय!"

टॉकीजभर तो आवाज घुमला. मला वाटलं, आता ती रडणार. मी वर खिडकीशी डोळे पुसायला लागलोही होतो.

याडीनं मान वर केली.

"मग खाली बस की," ती म्हणाली. "मागच्या लोकांला दिसत नसंल."